पहिल्या प्रतीचे तारे

फेब्रुवारीच्या मध्यात रात्री साडेनऊच्या सुमारास दादरच्या आमच्या गच्चीवरून परळकडे तोंड करून उभं राहिलं, की दोन टॉवरांच्या फटीत अगस्त्य हा तारा दिसतो. मुंबईतून तो क्षितिजापासून जेमतेम १८ अंश वर येतो, त्यामुळे ती फट आहे म्हणून दर्शन. परवा शेजारचा सातवीतला मुलगा बरोबर होता. मोबाइलमधल्या ॲपमध्ये डोकावून म्हणाला, "काकू, याच्यापुढे मायनस पॉइंट सेव्हन फोर लिहिलंय. मायनस म्हणजे कमी ना? मग हा एवढा चमकतोय कसा?"

मी त्याला वाण्याच्या दुकानात नेलं, अर्थात बोलण्यातच. तांदूळ पहिल्या प्रतीचा, दुसऱ्या प्रतीचा असतो. आकडा वाढला की माल उतरला. ताऱ्यांच्या तेजालाही मराठीत 'प्रत' म्हणतात, आणि त्यामुळे जगभरच्या विद्यार्थ्यांना उलटी वाटणारी ही मोजपट्टी आपल्याला सुलटी वाटायला हरकत नाही. दुसऱ्या शतकातल्या टॉलेमीच्या तारकासूचीत ही विभागणी आहे: सर्वांत ठळक तारे पहिल्या प्रतीचे, नुसत्या डोळ्यांना कसेबसे दिसणारे सहाव्या प्रतीचे. आमच्या गच्चीवरून तिसऱ्या प्रतीपर्यंत पोचलो तरी मी खूश असते. सहावी बघायची तर कर्जत लोकल पकडून वांगणीच्या पुढे जावं आणि अमावास्या गाठावी.

ही सगळी नजरेची प्रतवारी. तिला गणित दिलं नॉर्मन पॉगसन या इंग्रज खगोलशास्त्रज्ञाने, १८५६ मध्ये. पहिल्या प्रतीचा तारा सहाव्या प्रतीच्या ताऱ्यापेक्षा साधारण शंभर पट तेजस्वी असतो, हे तोवर लक्षात आलं होतं. पॉगसनने ते 'बरोबर शंभर पट' असं पक्कं करावं, असं सुचवलं. पाच पायऱ्यांत शंभर पट, म्हणजे एका पायरीला सुमारे २.५१२ पट. हेच पॉगसन पुढे १८६१ मध्ये मद्रासच्या वेधशाळेत आले आणि १८९१ मध्ये मृत्यू होईपर्यंत तिथेच राहिले.

गणित पक्कं झाल्यावर जुनी पट्टी दोन्ही टोकांना अपुरी पडली. अभिजित शून्याजवळ आला, व्याध उणे १.४६ वर. पौर्णिमेचा चंद्र उणे १२.७, सूर्य उणे २६.७. दोघांत चौदा प्रतींचा फरक, म्हणजे एका सूर्याच्या उजेडाला सुमारे चार लाख पूर्णचंद्र लागतील. दुसऱ्या टोकाला हबल दुर्बिणीने ३१व्या प्रतीच्या आसपासच्या दीर्घिका टिपल्या आहेत. उणे प्रतीचा तांदूळ मात्र अजून कुठल्या वाण्याने विकलेला नाही, तिथे माझी उपमा संपते.

आता प्रत्यक्ष मोजतात कसं? सर्वांत साधी रीत अजूनही डोळ्यांचीच. आपल्या ताऱ्यापेक्षा थोडा ठळक एक आणि थोडा फिका एक, असे प्रत माहीत असलेले दोन तारे निवडायचे आणि आपला त्यांच्या मधे कुठे बसतो ते ठरवायचं. फेब्रुवारी २०२० मध्ये मृग नक्षत्रातली काक्षी ही तारका (बेटेलज्यूज) १.६ प्रतीपर्यंत उतरली, तेव्हा ते कळायला दुर्बीण लागलीच नाही. एरवी ती मृगाच्या दुसऱ्या एका पायाच्या ताऱ्यापेक्षा कितीतरी ठळक असते, त्या महिन्यात दोघे जवळपास सारखे दिसत होते. ताऱ्याने बाहेर टाकलेल्या वायूतून धूळ तयार झाली आणि ती आड आली, असा त्याचा उलगडा नंतर झाला.

कॅमेऱ्याच्या सेन्सरवर काम जास्त काटेकोर होतं. ताऱ्याच्या ठिपक्याभोवती एक वर्तुळ आखायचं आणि त्यातल्या सगळ्या पिक्सेलांवर जमलेल्या प्रकाशाची बेरीज करायची. पण त्या बेरजेत आकाशाचा स्वतःचा उजेडही आलेला असतो. म्हणून ठिपक्याभोवतीच्या रिकाम्या आकाशात एक कडं आखून तिथला उजेड मोजतात आणि तेवढा वजा करतात. पूर्वी सुटं तेल घेताना आधी रिकाम्या भांड्याचा धडा करायचे, तसाच हा आकाशाचा धडा. मुंबईत पंचाईत अशी, की भांडंच तेलापेक्षा जड. शिवाय आकाशाचा हा उजेड क्षणोक्षणी थोडा कमीजास्त होतो, ती चढउतार वजाबाकीने जात नाही, आणि अंधुक तारे तिच्यातच बुडतात. उरलेला आकडा प्रत माहीत असलेल्या ताऱ्याच्या आकड्याशी ताडून प्रत काढतात. मधे ठरावीक रंगाचा फिल्टर लावलेला असतो, नाहीतर तांबड्या आणि निळ्या ताऱ्यांची तुलना फसते.

हवेचा हिशेब वेगळा. डोक्यावरच्या ताऱ्याचा प्रकाश हवेच्या एका थरातून येतो असं धरलं, तर ३० अंशांवरच्या ताऱ्याचा दुप्पट हवेतून येतो. अगस्त्य तर १८ अंशांवर, म्हणजे तिपटीहून जास्त, आणि तीही मुंबईची हवा! एखादी प्रत तिथेच खर्ची पडते.

"म्हणजे व्याधच एक नंबर," मुलाने निकाल लावला. दिसायला, हो. पण व्याध ८.६ प्रकाशवर्षांवर आहे आणि अगस्त्य सुमारे ३१०. दोघांना ३२.६ प्रकाशवर्षांच्या ठरावीक अंतरावर ठेवलं असं मानून जी प्रत निघते, तिला निरपेक्ष प्रत म्हणतात. व्याधाची १.४, अगस्त्याची उणे साडेपाचच्याही पलीकडे. आपला सूर्य तिथे ४.८ वर येतो. आमच्या गच्चीवरून तो दिसलाच नसता.

मुलगा पुन्हा फटीकडे वळला, तोवर अगस्त्य उजवीकडच्या टॉवरमागे गेला होता.