युझो कायामा

युझो कायामा म्हणजे जपानी सिनेमातला हिरो आणि स्वतःच्या गाण्यांना स्वतःच चाली लावणारा संगीतकार. जन्म ११ एप्रिल १९३७, योकोहामा. खरं नाव नाओआकी इकेहाता. वाढला समुद्राकाठच्या चिगासाकीत, तिथे त्याच्या नावाचा रस्तासुद्धा आहे. वडील केन उएहारा स्वतः मोठे स्टार, त्यामुळे केइओ युनिव्हर्सिटीतून निघाल्यावर १९६० साली तोहो स्टुडिओत शिरायला फार अडचण आली नसणार, पण पुढे टिकला तो स्वतःच्या जोरावर.

१९६१ला ‘वाकादाइशो’ सिरीज सुरू झाली. हिरो कॉलेजकुमार, घरचं सुकियाकीचं (मांस-भाज्या एकत्र शिजवायचा जपानी पदार्थ) हॉटेल, अभ्यास सोडून बाकी सगळ्यात पुढे, दर सिनेमात नवा खेळ आणि तीच गैरसमज करून रुसणारी हिरोईन, शिवाय श्रीमंत बापाचा आगाऊ पोरगा आडवा येणार, तो रोल कुनिए तानाकाने असा केलाय की बऱ्याचदा तोच भाव खाऊन जातो. स्टोरी जवळपास एकच, तरी १९७१पर्यंत १७ सिनेमे निघाले.

मधेच नामवंत दिग्दर्शक अकिरा कुरोसावाने त्याला दोनदा घेतलं. १९६२च्या ‘सांजुरो’त तो नऊ तरुण सामुराईंचा म्होरक्या आहे. १९६५च्या ‘अकाहिगे’त नागासाकीहून शिकून आलेला डॉक्टर, गरिबांच्या दवाखान्यात पाठवलं म्हणून इतका फुगलेला की तिथला युनिफॉर्मच घालायला तयार नाही, समोर तोशिरो मिफुनेसारखा दिग्गज नट असूनही पोरगा झाकोळला जात नाही. अभिनय बघायचा तर हाच बघावा.

पण खरी गंमत गाण्यांची. तेव्हा स्टार लोक कंपनीच्या संगीतकाराने दिलेलं गायचे, हा मात्र कोसाकू दान या नावाने स्वतः चाली करायचा (इकुमा दान आणि कोसाकू यामादा या दोन दिग्गज संगीतकारांची नावं जोडून घेतलेली). १९६५ला, इलेक्ट्रिक गिटारचं खूळ ऐन भरात असताना, ‘एलेकी नो वाकादाइशो’ आला आणि त्यातलं ‘किमी तो इत्सुमादेमो’ तुफान चाललं. शब्द तोकिको इवातानीचे. मधे गाणं थांबवून तो नाक चोळत ‘मी किती सुखी आहे’ असं बोलतो, त्याची नक्कल जपानमध्ये कोणीही करेल. सिनेमात हे गाणं त्याने हिरोईनसाठी नुकतंच केलेलं असतं, आणि तरी ती बया पहिल्यांदाच ऐकताना बरोबर सुरात सूर मिसळते, लॉजिक वगैरे बाजूला ठेवायचं.

१९७०ला सगळं फिरलं. ज्या हॉटेलच्या धंद्यात तो होता ते चिगासाकीतलं हॉटेल बुडालं, सुमारे २३० कोटी येनचं कर्ज डोक्यावर, मग क्लब, कॅबरे, मिळेल तिथे गायला लागला आणि वर्षानुवर्षं फेडत राहिला. ‘उमी, सोनो आई’ हे समुद्रावरचं गाणं १९७६चं, म्हणजे याच काळातलं.

पुढे टीव्हीवर जम बसला. १९८६च्या ३१ डिसेंबरच्या कोहाकू या वर्षअखेरच्या गाण्यांच्या टीव्ही कार्यक्रमात निवेदन करताना ‘कामेन बुतोकाई’ (मुखवट्यांचा नाच) गाण्याची घोषणा त्याने ‘कामेन रायडर’ (टीव्हीवरचा मुखवटेवाला सुपरहिरो) अशी केली, लोक अजून हसतात. १९९२ला शिंजी तानिमुराच्या शब्दांवर ‘साराई’ची चाल केली, ते एका २४ तासांच्या चॅरिटी टीव्ही कार्यक्रमाचं गाणं झालं आणि दरवर्षी शेवटी सगळे मिळून तेच गातात.

२०२०ला मेंदूत रक्तस्राव झाला, त्यातूनही तो स्टेजवर परतला. सप्टेंबर २०२२मध्ये, वयाच्या ८५व्या वर्षी, टोकियोत शेवटची कॉन्सर्ट केली आणि त्याच वर्षी ३१ डिसेंबरला कोहाकूत ‘उमी, सोनो आई’ गाऊन स्टेज सोडलं.