शेकरू आणि खारीचं ‘मिश्र पिल्लू’?

महाबळेश्वरला फिकट रंगाचं शेकरू दिसलं की कुणीतरी हमखास सांगतं, ‘हे खार न् शेकरूचं मिश्र पिल्लू.’ साताऱ्यात हे लहानपणापासून ऐकतोय. तसं होत नाही. शेकरू दीड-दोन किलोचं, अंगणातली पट्ट्यांची खार जेमतेम १०० ग्रॅमची. पण अडचण नुसती आकाराची नाही. दोघांची उपकुळंच वेगळी, वाटा कोट्यवधी वर्षांपूर्वी फुटलेल्या. फिकटपणा शेकरूचा स्वतःचाच: गडद तांबूस ते बदामी, प्रदेशागणिक रंग बदलतो. खारींमध्ये संकर होतच नाही असंही नाही बरं का! कॅनडात उडणाऱ्या खारींच्या दोन जातींचा झालाय. जनुकीय तपासणीतून २०१० मध्ये ते समोर आलं. पण त्या दोघी सख्ख्या बहिणींइतक्या जवळच्या.