तव्यावरून ताटात

पुण्याहून कोल्हापूरकडे जाताना महामार्गालगत ‘चुलीवरचे घरगुती जेवण मिळेल’ अशा पाट्या दिसू लागतात आणि चकचकीत हॉटेले मागे टाकून कितीतरी गाड्या एखाद्या पत्र्याच्या शेडपाशी थांबतात. या चवीचे श्रेय बहुतेक जण चुलीला देतात. मला मात्र त्यात मोठा वाटा भाकरी तव्यावरून ताटात येण्याच्या त्या एक-दोन मिनिटांचा वाटतो.

गव्हाच्या कणकेत ग्लुटेन या प्रथिनाचे लवचीक जाळे तयार होते. ज्वारीच्या पिठात ते होत नाही. म्हणून भाकरीच्या पिठात कढत पाणी घालतात. सुमारे ७० अंश सेल्सिअसच्या पुढे पिठातील स्टार्चचे, म्हणजे पिष्टाचे, कण पाणी पिऊन फुगतात, चिकट होतात आणि ग्लुटेनची उणीव काही अंशी भरून काढतात. थापलेली भाकरी पिठाची बाजू वर ठेवून तव्यावर पडते आणि तिच्यावर लगेच पाण्याचा हात फिरतो. त्या ओलाव्यामुळे वरचे कोरडे पीठ भिजते आणि भाकरी उलटल्यावर त्याचा सलग पापुद्रा तयार होतो. पुढे निखाऱ्यावर शेकताना आतल्या पाण्याची वाफ होते. तिला पाण्याच्या सुमारे १७०० पट जागा लागते, आणि बाहेर पडायला वाट नसल्याने ती पापुद्रा उचलून धरते. थापताना कड चिरली असेल, तर वाफ तिथूनच निसटते आणि भाकरी फुगत नाही.

भाकरी निवू लागली की स्टार्चमधील अमायलोज या घटकाचे, उष्णतेने मोकळे झालेले रेणू पुन्हा एकमेकांना बिलगतात, त्यांची स्फटिकासारखी घट्ट रचना होते आणि भाकरी कडक पडते. फ्रिजमध्ये हा बदल अधिक वेगाने होतो. शेकडो ताटांची तयारी आधीच करून ठेवणाऱ्या स्वयंपाकघराला तो टाळणे अवघड जाते. चार टेबलांच्या खाणावळीत मात्र गिऱ्हाईक बसल्यावरच पीठ मळले जाते.

चुलीच्या धुराने अन्न पौष्टिक होते, या समजुतीला काहीही आधार नाही. त्या धुरात कार्बन मोनॉक्साइड आणि सूक्ष्म कण असतात, आणि ते भाकऱ्या थापणाऱ्या बाईच्या छातीत रोज जातात. गॅसच्या आचेवरही भाकरी तशीच टम्म फुगते. साताऱ्याच्या पुढे एका शेडमध्ये मी दुसरी भाकरी मागितली, तेव्हा मावशींनी नवा गोळा परातीत घेतला. ताटात आलेल्या त्या भाकरीचा पापुद्रा मोडताच वाफेने बोटे पोळली.