इरा आणि इळा: कोशात शेजारी, कथेत दूर

मुलींच्या नावांच्या याद्यांमध्ये ‘इरा’ आणि ‘इला’ ही दोन नावे बहुधा एकाखाली एक येतात आणि दोन्हींपुढे अर्थ म्हणून तेच तीन शब्द छापलेले असतात: पृथ्वी, वाणी, सरस्वती. यांपैकी इरा हे नाव हल्ली मराठी घरांत चांगलेच रुळले आहे. इला मात्र आपल्याकडे क्वचितच ऐकू येते, आणि तिचे मूळचे वैदिक रूप ‘इळा’ तर जवळजवळ कोणीच ठेवत नाही. अर्थ एकच असल्यामुळे ‘र’ घ्यायचा की ‘ल’, एवढाच प्रश्न उरतो असे यादी चाळणाऱ्याला वाटते. वस्तुतः ही दोन वेगळी नावे आहेत आणि त्यांचा इतिहासही वेगळा आहे. इरा हा मुळात एका पदार्थाचा वाचक शब्द आहे. इळा फार लवकर व्यक्ती झाली, तिला वडील, मुलगा, वंश आणि बऱ्यापैकी स्वतंत्र बाणा लाभला.

गोंधळाला कारण मात्र भक्कम आहे आणि ते याद्या करणाऱ्यांच्या आळसापुरते नाही. अमरकोश या जुन्या संस्कृत शब्दकोशाच्या नानार्थवर्गात, म्हणजे अनेकार्थी शब्दांच्या भागात, ‘इरा भूवाक्सुराप्सु स्यात्’ असे वचन आहे, म्हणजे इरा या शब्दाचे भूमी, वाणी, मद्य आणि पाणी असे चार अर्थ. त्याच वर्गात ‘गोभूवाचस्त्विडा इलाः’ असेही म्हटले आहे, म्हणजे इडा आणि इला या शब्दांचे गाय, भूमी आणि वाणी असे तीन अर्थ. भूमी आणि वाणी हे दोन अर्थ दोन्हीकडे आहेत, आणि याद्यांनी नेमके तेवढेच उचलले आहेत. वाणी म्हणजे वाग्देवी, वाग्देवी म्हणजे सरस्वती, अशी पुढची पायरी कोणीही सहज चढतो. यात इराच्या चार अर्थांपैकी मद्य हा अर्थ कुठल्याच यादीत दिसत नाही, हे समजण्यासारखे आहे. शिवाय ‘रलयोरभेदः’ आणि ‘डलयोरभेदः’ ही संस्कृत पंडितांची जुनी सूत्रे हाताशी असल्यामुळे र, ल, ड हे सगळे एकच मानून मोकळे होण्याचा मोह पडतो. पण ही सूत्रे यमक आणि श्लेष यांच्या सोयीची आहेत. त्यांच्या बळावर दोन शब्दांचे चरित्र एक होत नाही.

इरेचा सर्वांत बोलका उल्लेख ऋग्वेदाच्या पाचव्या मंडलातील पर्जन्यसूक्तात येतो. वारे सुटतात, विजा कोसळतात, वनस्पती वर उसळतात, आणि मग ऋषी म्हणतो: ‘इरा विश्वस्मै भुवनाय जायते यत्पर्जन्यः पृथिवीं रेतसावति’. पर्जन्य पृथ्वीला आपल्या रेताने भिजवतो तेव्हा साऱ्या जगासाठी इरा उत्पन्न होते. येथे इरा म्हणजे पावसातून मिळणारे पोषण, अन्नात आणि चाऱ्यात उतरणारा रस. सातव्या मंडलात द्यावापृथिवींना, म्हणजे आकाश आणि पृथ्वी यांना, ‘इरावती धेनुमती’ व्हा असे म्हटले आहे. गाईंच्या आणि चाऱ्याच्या जोडीला इरेने भरलेल्या व्हा, असा त्याचा भाव. दोन्ही ठिकाणी ती जगाला मिळणारी वस्तू आहे; तिच्याशी कोणी बोलत नाही आणि तीही कोणाशी बोलत नाही.

या शब्दाची खरी कीर्ती त्याच्या पोटी आलेल्या शब्दांमुळे टिकली. इरावान म्हणजे जलसमृद्ध, म्हणून समुद्र. त्या समुद्रातून निघालेला तो ऐरावत. मेघांतल्या विजेला अमरकोश इरम्मद म्हणतो. पंजाबातील रावी ही इरावती. यास्काने निरुक्त या वैदिक शब्दांच्या व्युत्पत्तिग्रंथात ‘इरावतीं परुष्णीत्याहुः’ असे सांगून ऋग्वेदातील परुष्णी आणि इरावती एकच असल्याची नोंद केली आहे. हेच नाव पूर्वेकडे ब्रह्मदेशातील सर्वांत मोठ्या नदीला मिळाले, आणि तेथून ते थेट मराठी समाजशास्त्रात आले. 1905 साली ब्रह्मदेशातील म्यिंजान येथे जन्मलेल्या मुलीचे नाव करमरकर कुटुंबाने त्या नदीवरून इरावती ठेवले; पुढे इरावती कर्वे म्हणून त्या सर्वांना परिचित झाल्या. आजच्या कित्येक इरा या इरावतीचेच आखूड रूप आहेत, आणि नदीचे नाव म्हणून पाहिले तर ते अर्थपूर्णही आहे.

इरा देवता झालीच नाही असे नाही. पुराणांत ती दक्षाची कन्या आणि कश्यपाची पत्नी म्हणून येते. विष्णुपुराणाच्या पहिल्या अंशात कश्यपाच्या भार्यांची संतती सांगताना वृक्ष, लता, वेली आणि सर्व तृणजाती इरेपासून झाल्या असे म्हटले आहे. पावसाच्या रसाला वनस्पतींची आई करणे ही सुसंगत कल्पना आहे, पण कथा तेवढ्यावर संपते. तिला संवाद नाही, प्रसंग नाही.

आता इळा. प्रथम रूपांचा प्रश्न निकालात काढावा, कारण इळा, इडा आणि इला ही तीन वेगळी नावे असल्यासारखी याद्यांमध्ये विखुरलेली असतात. ऋग्वेदाच्या प्रचलित पाठात दोन स्वरांमध्ये येणाऱ्या ‘ड’चा ‘ळ’ होतो. ‘अग्निमीळे पुरोहितम्’ या पहिल्याच ऋचेत तो ऐकू येतो. म्हणून ऋग्वेदात इळा, यजुर्वेदाच्या ग्रंथांत इडा, आणि पुढे ‘ळ’ नसलेल्या अभिजात संस्कृतात इला. व्यक्ती एकच आहे. ऋग्वेदाचा ‘ळ’ आणि आपला ‘ळ’ यांच्यामागचा ध्वनिव्यवहार वेगळा असला, तरी मूळ उच्चार आजही सहज आणि अचूक करू शकणाऱ्या मोजक्या भाषांमध्ये मराठी आहे. इतके असून हे नाव आपल्याकडे दुर्मीळ राहावे, हा विरोधाभास आहे.

ऋग्वेदातील आप्रीसूक्तांमध्ये, म्हणजे यज्ञात देवतांना क्रमाने बोलावणाऱ्या सूक्तांमध्ये, इळा एका त्रयीत येते: ‘इळा सरस्वती मही तिस्रो देवीर्मयोभुवः’. तीन सुखदायी देवींपैकी ती एक आहे आणि सरस्वती ही तिच्या शेजारी बसलेली दुसरी; दर्भासनावर दोघींना वेगवेगळे बोलावणे आहे. त्यामुळे ‘इला म्हणजे सरस्वती’ हे समीकरण निदान वैदिक पुराव्याला धरून नाही. पहिल्याच मंडलात देवांनी इळेला मनुष्याची शासनकर्ती, म्हणजे त्याला शिकवणारी केले असे अग्नीला उद्देशून म्हटले आहे, तर पाचव्या मंडलात तिला ‘यूथस्य माता’, कळपाची आई, असे संबोधन आहे. अमरकोशातील ‘गाय’ हा अर्थ त्या दृष्टीने काही आकाशातून पडलेला नाही.

पण इळेचे व्यक्तिमत्त्व खऱ्या अर्थाने उभे राहते ते शतपथब्राह्मणात, आणि मत्स्याच्या मदतीने प्रलयातून वाचलेल्या मनूची कथा सांगताना आपण नेमका हाच शेवट गाळतो. पाणी ओसरल्यावर मनू एकटा उरला. संततीच्या इच्छेने त्याने तूप, दही, दह्याची निवळी आणि आमिक्षा, म्हणजे तापल्या दुधात दही घालून झालेला छाना, यांचे पाण्यात हवन केले. वर्षभराने त्यातून एक स्त्री उत्पन्न झाली. ती जणू घट्ट होत होत वर आली आणि तिच्या पावलाच्या ठशात तूप साचत होते. वाटेत तिला मित्र आणि वरुण भेटले. तू कोण, असे त्यांनी विचारले. मनूची मुलगी, असे ती म्हणाली. आमची आहेस असे सांग, असा आग्रह त्यांनी केला. तिने तो मानला नाही. ज्याने मला जन्म दिला त्याचीच मी, एवढे सांगून ती त्यांना ओलांडून पुढे गेली आणि मनूकडे आली. दोन बड्या देवांनी मागितलेला हक्क एका नवजात मुलीने नाकारावा, हे ब्राह्मणग्रंथात सहज लिहून गेलेले वाक्य मला या नावाचे सर्वांत मोठे वैभव वाटते. मनूलाही ती आपली ओळख ‘मी आशीर्वाद आहे’ अशीच करून देते आणि यज्ञाच्या मध्यभागी माझा उपयोग कर, म्हणजे प्रजा आणि पशू यांनी समृद्ध होशील, असे सांगते. श्रौतविधीत हवनानंतर ऋत्विज आणि यजमान मिळून जो हविर्भाग भक्षण करतात त्याला आजही इडा म्हणतात आणि तो ज्या लाकडी पात्रात ठेवतात ते इडापात्र. म्हणजे इरेप्रमाणे इडाही खाद्याशी बांधलेली आहे. फरक असा की तिला आधी नाव, वडील आणि आवाज मिळाला.

पुराणांत ही कथा पार बदलते. भागवताच्या नवव्या स्कंधात निपुत्रिक मनूसाठी वसिष्ठ यज्ञ करतात, पण मनूची पत्नी श्रद्धा यज्ञातील ‘होता’ या ऋत्विजाकडे मुलगी मागते आणि इला जन्मते. मनू नाराज होतो. वसिष्ठांच्या प्रार्थनेने ती सुद्युम्न नावाचा पुरुष होते. पुढे शिकारीच्या नादात सुद्युम्न शिवपार्वतीच्या वनात शिरतो आणि घोड्यासकट स्त्रीरूप होतो. त्या अवस्थेत चंद्राचा मुलगा बुध याच्यापासून तिला पुरूरवा होतो. रामायणाच्या उत्तरकांडात मूळ व्यक्ती बाह्लीक देशाचा इल नावाचा राजा आहे आणि तो एक महिना स्त्री, एक महिना पुरुष असा राहतो. महाभारताच्या आदिपर्वात हा सगळा तपशील एका ओळीत आटोपला आहे: पुरूरव्याची इळा ही आईही होती आणि वडीलही, असे आम्ही ऐकले आहे.

पुरूरव्याला आईच्या नावाने ऐल म्हणतात. उर्वशीच्या संवादसूक्तात ऋग्वेदही त्याला ‘ऐळ’ अशी हाक मारतो. त्याच्यापासून आयू, नहुष, ययाती, मग यदू आणि पूरू. कौरव, पांडव आणि कृष्ण हे सारे या वंशातले, म्हणून चंद्रवंशाला ऐलवंश असे दुसरे नाव आहे. देवगिरीच्या यादवांनी आपले कूळ यदूला नेऊन जोडले, तेव्हा ओघाने तेही इळेचेच वंशज ठरले. या कथेत पुरूरव्याला मिळालेले प्रतिष्ठान म्हणजे मात्र गोदाकाठचे पैठण नव्हे. ते प्रयागाजवळचे, आजचे झूसी. नावांच्या गोंधळात हा आणखी एक.

लिंगबदलाच्या या कथेमुळे इरा आणि इळा यांची गल्लत एका वेगळ्याच वाटेनेही होते. अर्जुन आणि नागकन्या उलूपी यांचा मुलगा इरावान. तमिळ परंपरेत तो अरवान होतो. बळी जाण्यापूर्वी त्याचे लग्न व्हावे म्हणून कृष्णाने मोहिनीरूप घेतले, अशी तिथली कथा आहे, आणि कूवागम येथील उत्सवात तृतीयपंथी स्त्रिया त्याच्याशी लग्न लावून दुसऱ्या दिवशी त्याचा शोक करतात. स्त्रीपुरुषभेद ओलांडणारी एक कथा इळेची आणि दुसरी इरावानाभोवतीची, त्यामुळे घाईत वाचणारा दोन्ही एकाच खात्यात टाकतो. पण इरावान हा ‘इरा’वरून झालेला शब्द आहे आणि त्याच्या कथेत रूप बदलतो तो कृष्ण.

इळा मराठीत का रुजली नाही, याची कारणे माझ्या मते साधी आहेत. ग्रामीण बोलीत इळा म्हणजे विळा आणि इळी म्हणजे विळी. गवत कापायच्या हत्याराचे नाव मुलीला कोण ठेवणार? इडा म्हणावे तर ‘इडापिडा टळो’ हे वाक्य आधी तोंडात येते, आणि नाहीतर कीर्तनातील इडा, पिंगळा, सुषुम्ना या योगातल्या नाड्या. उरते इला. ते गुजरात आणि बंगालमध्ये पुष्कळ चालले. अहमदाबादेत 1972 साली ‘सेवा’ ही असंघटित स्त्री-कामगारांची संघटना उभी करणाऱ्या इला भट्ट आणि बंगालमधील नाचोलच्या तेभागा या बटाईदार शेतकऱ्यांच्या लढ्यातील इला मित्र ही त्यांतली ठळक नावे. शेजारच्या कन्नडात तर ‘इळे’ हा भूमीसाठी काव्यात वापरला जाणारा शब्द आहे, तेलुगूत ‘इल’. मराठी कवींनी भूमीसाठी धरा, धरित्री, वसुंधरा भरपूर वापरले. इळेला त्यांच्या हाताखाली वाढायला मिळाले नाही.

नाव ठेवायचे ठरलेच तर दोन व्यावहारिक गोष्टी सांगण्यासारख्या आहेत. दोन्ही नावांचा पहिला स्वर ऱ्हस्व आहे. ईरा आणि ईला ही रूपे दिसायला भारदस्त वाटली तरी संस्कृत नावे म्हणून ती चुकीची आहेत. तसेच इला आणि एला यांत अंतर ठेवावे, कारण एला म्हणजे वेलदोडा. रोमन लिपीत दोन्ही नावांची अडचण वेगवेगळी आहे. अमेरिकेत इरा हे अक्षरे पाहून ‘आयरा’ असे वाचले जाते आणि ते तिथे हिब्रूवरून आलेले, प्रामुख्याने पुरुषांचे नाव आहे; रशियन माणसाला मात्र ते बरोबर वाचता येते, कारण इरीनाला घरात इराच म्हणतात. इळेचा ‘ळ’ पासपोर्टवर पोहोचतच नाही, तिथे तिची इला होते, आणि कित्येक टाइपांत मोठा ‘आय’ आणि लहान ‘एल’ सारखेच दिसत असल्याने खिडकीपलीकडच्या माणसाला पहिले अक्षर कोणते, हे सांगावे लागते.