सरपंचावर अविश्वास ठराव: सह्या कुणाच्या लागतात आणि ठराव कुठे अडकतो

कोल्हापूर जिल्ह्यातलं करवीर असो, शिरोळ असो की चंदगड, सरपंचाला हटवायचं ठरलं की लोक आधी गावभर फिरून सह्या गोळा करतात. पाचशे सह्यांचा गठ्ठा तहसीलदारांच्या टेबलावर जातो आणि तिथेच पडून राहतो. कारण अविश्वासाचा ठराव मांडण्याचा हक्क फक्त ग्रामपंचायत सदस्यांना आहे. ग्रामस्थांची पाळी नंतर येते, आणि तेव्हाही सह्या चालत नाहीत, मतदान होतं. त्यामुळे पहिला प्रश्न एकच: किती सदस्य तुमच्यासोबत आहेत?

हा सगळा व्यवहार महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम, १९५८ च्या कलम ३५ खाली चालतो. गोंधळ होतो तो दुरुस्त्यांमुळे. २०१७ मध्ये सरपंच थेट जनतेतून निवडायचं ठरलं, २०२० मध्ये ते रद्द झालं आणि २०२२ मध्ये पुन्हा लागू झालं. जुन्या नियमानुसार एक तृतीयांश सदस्यांच्या सह्यांवर नोटीस देता यायची. झेरॉक्सच्या दुकानात मिळणारे नमुने अजून तेच सांगतात. थेट निवडून आलेल्या सरपंचासाठी नोटिशीवर दोन तृतीयांश सदस्यांच्या सह्या लागतात आणि ठराव मंजूर व्हायला तीन चतुर्थांश मतं लागतात. जुना नमुना भरून गेलात तर फेटाळलाच म्हणून समजा.

मुदतीचा घोळ याहून मोठा. सरपंच निवडून आल्यापासून पहिली दोन वर्षं ठराव आणता येत नाही, आणि पंचायतीची मुदत संपण्याआधीच्या सहा महिन्यांतही नाही. या दोन मुदती वेगवेगळ्या तारखांवरून मोजायच्या, हे कुणी सांगत नाही. दोन वर्षं सरपंचाच्या निवडणुकीपासून मोजायची. पंचायतीची पाच वर्षं मात्र तिच्या पहिल्या सभेपासून सुरू होतात. १८ डिसेंबर २०२२ ला जिथे मतदान झालं, तिथली दोन वर्षं डिसेंबर २०२४ मध्येच सरली. पण पहिली सभा कधी झाली यावर शेवटची मुदत अवलंबून असल्याने २०२७ च्या मध्याला दार बंद होतं. पहिल्या सभेची तारीख असते प्रोसिडिंग बुकात, म्हणजे सभांच्या नोंदवहीत, आणि ते असतं ग्रामपंचायत अधिकाऱ्याकडे (पूर्वीचा ग्रामसेवक). ऐनवेळी ‘दप्तर तालुक्याला गेलंय’ हे उत्तर ठरलेलं. म्हणून वाद पेटण्याआधीच पहिल्या सभेच्या इतिवृत्ताची नक्कल मागून ठेवा. मागणी लेखी करा आणि पोहोच घ्या.

आता आकडे. तीन चतुर्थांश हे हजर सदस्यांचे मोजत नाहीत. त्या वेळी सभेत बसून मत देण्याचा हक्क असलेल्या एकूण सदस्यांचे मोजतात. अशा नऊ जणांत ६.७५ येतात, म्हणजे सात मतं. दहा जणांत साडेसात, म्हणजे आठ. अकरा जणांत नऊ. म्हणून जो सभेला येत नाही, त्याचं मत सरपंचाच्याच पारड्यात पडल्यासारखं होतं. सरपंचालाही या सभेत बोलण्याचा आणि मत देण्याचा हक्क आहे, त्यामुळे आपल्या सोयीचा आकडा धरून चालू नका. कुणी अपात्र ठरलाय का, एखादी जागा रिकामी आहे का, हे पाहून एकूण संख्या तहसील कार्यालयाकडून आधी लेखी घ्या. एका मताने पडलेले ठराव इथेच पडतात.

नोटीस अविश्वास ठरावाच्या १९७५ च्या नियमांतल्या विहित नमुन्यात तहसीलदारांना द्यायची आणि सोबत सात प्रती जोडायच्या. त्या सरपंच, उपसरपंच, जिल्हा परिषद, पंचायत समिती वगैरेंकडे जातात. प्रती कमी पडल्या म्हणून अर्ज परत आलेला पाहिला की जीव हळहळतो, कारण हे टाळणं अगदी सोपं होतं. कारणं मोघम लिहू नका. ‘मनमानी कारभार’ लिहिण्यापेक्षा कुठल्या महिन्यात कुठला खर्च मासिक सभेसमोर आला नाही, ते लिहा. सही करणाऱ्या प्रत्येकाला एक गोष्ट मात्र आधीच स्पष्ट सांगा: एकदा दिलेली नोटीस मागे घेता येत नाही. सभेत मत फिरवता येतं, नोटीस फिरवता येत नाही. ठराव पडला तर पुढची दोन वर्षं पुन्हा आणता येणार नाही. डळमळीत माणसाची सही घेऊन घाई करण्यात काहीच शहाणपण नाही.

नोटीस मिळाल्यापासून सात दिवसांत तहसीलदार विशेष सभा बोलावतात आणि तिचं अध्यक्षपदही त्यांच्याकडेच असतं. हे सात दिवस आपल्याकडे कसे जातात ते सगळ्यांना माहीत आहे. सदस्य गोव्याला, आंबोलीला ‘सहलीला’ नेले जातात. सभेची नोटीस प्रत्येकाला पोहोचल्याची नोंद नसेल तर पुढे वादाला तेवढं कारण पुरतं. म्हणून सहलीवर निघण्याआधी ती रीतसर स्वीकारा.

सभेत ठराव मंजूर झाला की लगेच गुलाल उधळतात. थेट निवडलेल्या सरपंचाच्या बाबतीत तो फार लवकर उधळलेला असतो. यानंतर जिल्हाधिकाऱ्यांनी नेमलेल्या अधिकाऱ्याच्या अध्यक्षतेखाली विशेष ग्रामसभा होते आणि तिथे मतदार गुप्त मतदानाने ठरावाला मान्यता देतात किंवा देत नाहीत. सदस्य एकीकडे आणि गाव दुसरीकडे असेल तर सरपंच राहतो. कारखान्याच्या आणि दूध संस्थेच्या गटांत सदस्य वाटले गेले असले तरी मतदार तसेच वागतील असं धरू नका. ज्या सह्यांच्या गठ्ठ्याने सुरुवात केली होती, ती माणसं आता प्रत्यक्ष मतदानाला यायला हवीत. ग्रामसभेत ठराव टिकला की सरपंचाचे अधिकार थांबतात आणि ते उपसरपंचाकडे जातात.

ठरावाच्या वैधतेवर वाद घालायचा असेल तर सरपंचाला सात दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांकडे जावं लागतं. त्या निर्णयावर अपील पुणे विभागीय आयुक्तांकडे होतं. त्यापुढची उच्च न्यायालयाची लढाई पूर्वी मुंबईत लढावी लागायची. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरातच उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच, म्हणजे फिरतं खंडपीठ, सुरू झाल्याने हेलपाटा आणि खर्च दोन्ही कमी झालेत.

आणि मुळात तक्रार पैशांच्या अपहाराची असेल तर अविश्वासाच्या मागे धावूच नका. गैरवर्तनासाठी कलम ३९ आहे. त्यात जिल्हा परिषदेच्या मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांमार्फत चौकशी होते आणि विभागीय आयुक्त सरपंचाला पदावरून काढू शकतात. तिथे सदस्यांची बेरीज लागत नाही. व्हाउचर, मोजमाप पुस्तिका आणि ठरावांच्या नकला लागतात.