मँटेला म्हणजे विषबाण बेडूक नव्हे

मादागास्करच्या मँटेला बेडकाचा फोटो दिसला की खाली हमखास ‘विषबाण बेडूक’ असं लिहिलेलं असतं. दोन्ही अंगठ्याएवढे, भडक रंगांचे, दिवसा हिंडणारे आणि कातडीत विष बाळगणारे. नवख्याची गल्लत होणारच. पण निसर्गावर नेमाने लिहिणाऱ्यांनीही तीच पुन्हा पुन्हा करावी, हे मला फार खटकतं.

विषबाण बेडूक, म्हणजे डेंड्रोबॅटिडी कुळ, बहुतेकांना माहीत असतं. मध्य आणि दक्षिण अमेरिकेतलं, पिल्लांना पाठीवर बसवून पाण्यापर्यंत नेणारं. मँटेला फक्त मादागास्करमध्ये सापडतात आणि पिल्लं पाठीवर वाहत नाहीत. आकार, ठिपके, पायाचे रंग यांत वेळ घालवू नका. त्यावरून काहीच ठरत नाही.

घोळ होतो तो विषामुळे. पुमिलिओटॉक्सिनसारखी अल्कलॉइडं, म्हणजे विषारी रसायनं, दोघांच्याही कातडीत सापडतात. रसायन एकच, मग पूर्वजही एकच, असा तर्क लगेच होतो. पण ही अल्कलॉइडं मुळात बेडकाची नाहीतच. ती येतात मुंग्या, माइट अशा बारीक भक्ष्यातून. बेडूक ती फक्त कातडीत साठवतो. बंदिस्त जागेत फळमाश्यांवर वाढवलेल्या बेडकांमध्ये ती सापडत नाहीत. म्हणजे विष सांगतं आहाराबद्दल, नात्याबद्दल नाही. साठवण्याची क्षमता तेवढी वारशाने येते, आणि तीही या दोन गटांत स्वतंत्रपणे निर्माण झाली.

हाडांनीसुद्धा जाणकारांना चकवलं आहे. प्राणिशास्त्रज्ञ जॉर्ज बूलेंजरने १८८२ साली मँटेला थेट डेंड्रोबॅटिडीतच घातले होते. मँटेलाच्या आणि काही विषबाण बेडकांच्या वरच्या जबड्यात दात नाहीत आणि दोघांच्या खांद्याच्या हाडांची जुळणीही सारखी. खांद्याच्या त्या रचनेमुळे पुढेही बराच काळ काही अभ्यासक विषबाण बेडकांना ‘राना’ या प्रजातीतल्या नेहमीच्या बेडकांच्या जवळचे मानत राहिले. डीएनएने हा प्रश्न मिटवला. मँटेलिडी, म्हणजे मँटेलाचं कुळ, त्याचं सर्वांत जवळचं कुळ रॅकोफोरिडी, म्हणजे आशियातल्या उडत्या बेडकांचं. डेंड्रोबॅटिडी मात्र भेकांच्या मोठ्या शाखेत बसतात. सोनेरी मँटेला दिसायला कितीही अमेरिकन वाटला, तरी त्याचे सख्खे नातेवाईक मादागास्करचेच साधे तपकिरी बेडूक आहेत.

आणि डेंड्रोबॅटिडी म्हणजे सगळे विषारी, हेही खरं नाही. हायलोक्सॅलससारखे मळकट, निरुपद्रवी बेडूक याच कुळात आहेत. २००६ साली शास्त्रज्ञ टॅरन ग्रँट आणि सहकाऱ्यांनी डेंड्रोबॅटिडीतून अरोमोबॅटिडी हे बहुतांशी बिनविषारी बेडकांचं कुळ वेगळं काढलं. काहीजण त्याला अजून उपकुळच मानतात. मला वेगळं कुळच पटतं, कारण त्यामुळे त्या साध्या बेडकांना ‘विषारी’ म्हणण्याची सवय तरी सुटते. बाणांना विष लावण्याबद्दल म्हणाल, तर कोलंबियाच्या एम्बेरा लोकांनी त्यासाठी वापरल्या त्या फायलोबॅटिस प्रजातीतल्या मोजक्या जाती.