वन्समोअरपासून वॉच टाइमपर्यंत

सांगलीत नाटक उभं राहिलं ते राजाच्या पैशावर. १८४३ मध्ये विष्णुदास भाव्यांनी 'सीतास्वयंवर' केलं, तेव्हा ते पसंत पडायला हवं होतं मुख्यतः चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धनांना. १८५१ मध्ये आप्पासाहेब गेले आणि आश्रय आटला. भावे मंडळी घेऊन बाहेर पडले; १८५३ मध्ये मुंबईत ग्रँट रोडच्या नाटकगृहात त्यांनी तिकीट लावून खेळ केले. रिकमेंडेशन अल्गोरिदमची, म्हणजे पुढे काय पाहावं ते सुचवणाऱ्या संगणकी पद्धतीची, गोष्ट इतक्या मागून सांगायची, कारण पसंती कशी मोजायची हे पैसे देणाराच ठरवतो आणि त्या दहा वर्षांत तो बदलताना दिसतो.

तिकीट एकदा फाडलं की प्रेक्षक पेंगला काय नि जागा राहिला काय, गल्ल्यात फरक पडत नसे. आवड कळायची ती उघड. संगीत नाटकात वन्समोअर मिळायचा. कवलापूरच्या काळू-बाळूंचा तमाशा गावाला रुचला की पुढच्या जत्रेची सुपारीही त्यांनाच. आकाशवाणीचं सांगली केंद्र १९६३ चं. रेडिओच्या फर्माइशीही लोक नावागावानिशी पत्रं लिहून कळवत.

संगणकाची सुरुवातही अशी विचारूनच झाली. १९९४ चा ग्रुपलेन्स हा प्रकल्प वाचकांनी दिलेल्या गुणांवरून, तुमच्यासारखी आवड असलेल्यांना काय भावलं ते पुढे करायचा. नेटफ्लिक्सने २००६ मध्ये दहा लाख डॉलरचं बक्षीस लावलं, तेही लोक किती तारे देतील याचा अंदाज दहा टक्क्यांनी सुधारण्यासाठी. २००९ मध्ये ते दिलं गेलं, पण जिंकलेली पद्धत कंपनीने पूर्णपणे कधी वापरलीच नाही. दरम्यान धंदा स्ट्रीमिंगकडे, म्हणजे थेट इंटरनेटवरून दाखवण्याकडे, वळला होता, आणि माणूस कुठे थांबला, कुठे उठून गेला, हे आपसूक दिसत होतं. गंभीर माहितीपटाला पाच तारे द्यायचे आणि रात्री विनोदी काहीतरी लावायचं, हा सगळ्यांचाच स्वभाव.

यूट्यूबवर प्रेक्षक पैसे देत नव्हता. देत होता जाहिरातदार, आणि त्याला हवा होता प्रेक्षकाचा वेळ. आधी क्लिक मोजले जायचे, त्यामुळे फसव्या थंबनेलचं पीक आलं. २०१२ पासून वॉच टाइमला, म्हणजे व्हिडिओ किती वेळ पाहिला गेला त्याला, वजन मिळालं. २०१६ मध्ये यूट्यूबच्याच अभियंत्यांनी पद्धत मांडली: लाखो व्हिडिओंतून काहीशे निवडायचे, मग हा माणूस कोणता किती वेळ पाहील या अंदाजाने त्यांचा क्रम लावायचा. पुढे समाधानाच्या प्रश्नावल्याही जोडल्या गेल्या, पण मोजमापाचा कणा वेळच राहिला.

२०१६ च्याच सप्टेंबरात जिओ आलं आणि डेटा स्वस्त झाला. जून २०२० मध्ये टिकटॉकवर बंदी आली; जुलैत इन्स्टाग्रामचे रील्स, सप्टेंबरात यूट्यूबचे शॉर्ट्स हे छोटे व्हिडिओ भारतात आले. आता शोधायचीही गरज उरली नाही. पुसेगावच्या जत्रेतली खिलार जोडी पाहताना अंगठा थांबला की पुढे बैलगाडी शर्यतींची रांग लागते. तो कौतुकाने थांबला की आपला विकलेला बैल आठवून, हे नुसत्या थांबण्यावरून कळत नाही. फर्माइशीच्या पत्रात निदान ते लिहिता यायचं.

बदल कलावंतापर्यंतही पोचला आहे. गण, गौळण, बतावणी आणि मग वग हा तमाशाचा क्रम रात्रभर बसणाऱ्या माणसासाठी होता. शॉर्ट्स करणाऱ्याला प्रेक्षक कितव्या सेकंदाला गळला याचा आलेख मिळतो. त्यात गणाला जागा कुठली? शर्यतीचा व्हिडिओ थेट झेंडा पडण्यापासून सुरू होतो.